बसलेल्या माणसाचं माप

मास्तरांनी टेपचं पितळी टोक अंगठ्याखाली दाबून फरशीला टेकवलं आणि फीत जावयाच्या कानापर्यंत ताणली. गुडघा कुरकुरला. चाळीस वर्षं गिऱ्हाइकांच्या पायाशी बसून पँटची उंची घेतलेला माणूस गुडघ्याचं फारसं मनावर घेत नाही.

“हलू नका.”

“नाही हलत, बाबा.”

“श्वास घेतलात तरी चालेल.”

जावयाने श्वास घेतला आणि त्याचा कान अर्धा इंच वर गेला. तो खाली येईपर्यंत मास्तर थांबले, मग कानाच्या भोकापाशी नख टेकवून त्यांनी आकडा वाचला.

“बेचाळीस.”

“एकशे सहा पूर्णांक सात सेंटिमीटर,” जावई मान न वळवता म्हणाला.

तो जमीन मोजणीच्या कार्यालयात नकाशे तपासायचा. हातभर जमिनीच्या पट्टीवरून भांडणारी माणसं तावातावाने त्याच्या टेबलापाशी येत आणि मुकाट परत जात, कारण हा आवाज न चढवता दशांश चिन्हापुढचे दोन आकडे सांगायचा. पण आज सकाळी तो कपाटाच्या आरशासमोर खुर्ची ओढून, हातात स्टीलची पट्टी घेऊन चांगला अर्धा तास झटापट करत होता. कान मोजायला वाकलं की कानही वाकत होता. शेवटी मास्तरांची मुलगी स्वयंपाकघरातून ओरडली होती, “अरे, घरात अख्खा टेलर बसलाय आणि तू आरशाशी काय कुस्ती खेळतोयस?”

“बाबांना कशाला त्रास,” जावई म्हणाला होता. पण तोवर मास्तर टेप आणायला आत गेलेसुद्धा होते.

हा सगळा खटाटोप दोन स्पीकरांसाठी होता. प्रत्येकी फूटभर उंचीची, अक्रोडी रंगाची दोन लाकडी खोकी. जावयाने ती वर्षभर दुकानाच्या काचेबाहेरून बघून मग घेतली होती. बुकशेल्फ स्पीकर असं त्यांचं नाव, आणि पुस्तकांच्या फळीवर ठेवले की ते पडसं झाल्यासारखे घुमत. त्यांना भिंतीपासून दूर, आपापल्या स्टँडवर उभं करावं लागतं, असं जावयाने घरात दोघांना समजावून सांगितलं होतं. खोक्याच्या वरच्या भागात कोटाच्या बटणाहून जरासा मोठा एक पडदा होता. बारीक आवाज त्यातून निघतात आणि टॉर्चच्या झोतासारखे सरळ जातात. तो झोत ऐकणाऱ्याच्या कानावर पडायला हवा. मास्तरांना हे फार आवडलं. वस्तू माणसाच्या मापाची असावी, एवढंच त्यात होतं, आणि ते त्यांना आधीपासून माहीत होतं.

“बेचाळीसातून बटणापर्यंतचे दहा गेले,” ते उठत म्हणाले. “बत्तीस इंचांचे स्टँड.”

“हो, बाबा. बरोबर.” जावई लगेच उठला आणि त्याने खुर्ची जागेवर नेऊन ठेवली. मास्तर हात लावणार, त्याच्या आधीच.

तो नेहमीच आधी असायचा. मास्तर मोतीबिंदूच्या ऑपरेशनसाठी तीन आठवडे म्हणून मुलीकडे आले होते, त्याला आता सात महिने होत आले होते. त्यांचं दुकान आणि दुकानामागची राहती खोली दुसऱ्या गावात कुलपात होती. मुलगी म्हणत होती, कायमचे इथेच राहा. दुकानाच्या मालकाचा दर आठवड्याला फोन यायचा. जागा ठेवताय की सोडताय? येत्या महिन्यातल्या शेवटच्या रविवारी नक्की सांगतो, असा शब्द मास्तरांनी देऊन ठेवला होता. त्यांना राहायचं होतं. एकट्याने चहा करून एकट्याने प्यायचा त्यांना मनस्वी कंटाळा आला होता. फक्त जावयाच्या मनात काय आहे, ते कळत नव्हतं. विचारलं की तो म्हणायचा, “तुमचंच घर आहे, बाबा.” त्याचा स्वर असा असायचा, की त्यावरून काही कळू नये.

त्या आठवड्यात दोघं मिळून दुकानं हिंडले. एका दुकानात काचेच्या तबकडीचे स्टँड होते. मुलीने फोनवर फोटो बघूनच त्यांना फुली मारली. दुसऱ्या दुकानातले सगळे चोवीस इंची. तिसऱ्या दुकानात एक स्टँड होता, ज्याचा स्क्रू सैल करून उंची हवी तशी वरखाली करता येत होती. जावई त्याच्यापाशी बराच वेळ रेंगाळला. वर केला, खाली केला, पुन्हा खाली केला. मास्तरांनी एका बोटाने त्याला ढकललं, तर तो मान डोलवायला लागला.

“हा नको,” मास्तर म्हणाले. “सगळ्यांना होईल असं शिवायला गेलं की कोणालाच धड होत नाही. आपण करून घेऊ.”

जावयाचा हात स्क्रूवर होता. तो त्याने काढून घेतला.

“तुम्ही म्हणाल तसं, बाबा.”

बाजारामागच्या गल्लीत खिडक्यांचे गज आणि जिन्याचे कठडे करणारा एक वेल्डर होता. बोलघेवडा माणूस, कामापेक्षा गप्पांच्या ठिणग्या जास्त. रेडिओ ऐकायला माणसं लोखंडाचे खांब करून घेतात, हे त्याला दोन वेळा समजावून सांगावं लागलं. मग मात्र तो रंगला. तीन इंची चौकोनी पाइप, खाली जाड पत्रा, वर हातरुमालाएवढा पातळ पत्रा. जावयाने पाइपवर टिचकी मारली, तो घंटेसारखा वाजला.

“हा गाण्याबरोबर स्वतःच गायला लागेल,” जावई म्हणाला. “आत वाळू भरायची. कोरडी.”

भरलेल्या पाइपवर टिचकी मारली तेव्हा नुसता ठप्प आवाज आला. मास्तरांनी पुन्हा मारून पाहिली. कोटाच्या कॉलरमध्ये कॅनव्हास घालतात, तो बाहेरून कधी दिसत नाही, पण नसला तर कोट गळपटतो. त्यांनी हे जावयाला सांगितलं, वेल्डरला सांगितलं, आणि घरी येऊन मुलीला सांगितलं. “कळलं, बाबा, कॅनव्हास,” ती म्हणाली.

स्टँड आले त्या रविवारी जावयाने फरशीवर कागदी चिकटपट्टीच्या खुणा केल्या. दोन स्पीकरांमध्ये सात फूट, प्रत्येकापासून खुर्चीपर्यंत सात फूट. स्टँडच्या पायांना टोकदार खिळे होते, त्यांच्याखाली फरशीला चरे पडू नयेत म्हणून पितळी चकत्या. स्पीकर वर ठेवले, खाली चार कोपऱ्यांना निळ्या चिकट पुट्टीच्या चार गोळ्या. मग जावई खुर्चीत बसला. पाठ ताठ, हात मांड्यांवर. मास्तर सोफ्याच्या कडेवर बसले आणि मुलगी दारात उभी राहिली.

एक बाई गायला लागली. ती डाव्या स्पीकरात नव्हती आणि उजव्यातही नव्हती. ती मधल्या रिकाम्या भिंतीसमोर उभी होती. मास्तरांनी न राहवून तिथे बघितलं.

“अप्रतिम,” जावई म्हणाला. “माप अगदी अचूक आहे, बाबा.”

मास्तरांचा ऊर भरून आला. गाणं संपलं. जावयाने अजून एक लावलं, तेही ताठ बसून ऐकलं आणि मग यंत्र बंद करून तो उठला.

“बस?” मास्तरांनी विचारलं.

“बाकीचं नंतर ऐकतो.”

हे ‘नंतर’ काही येईना. वर्षभर ज्या वस्तूसाठी जीव टाकला, ती वस्तू घरात आल्यावर हा माणूस दिवसाला दोन गाणी ऐकायचा, तीही परीक्षेला बसल्यासारखी, आणि मग उठून पाण्याच्या बाटल्या भरायला जायचा. मास्तरांना चैन पडेना. नवा कोट नेलेलं गिऱ्हाईक तो कोट घालून कधी दिसलंच नाही, तर टेलरला काय वाटेल? काखेत घट्ट झाला असेल, पण सांगत नसेल. भिडेची गिऱ्हाइकं त्यांनी पुष्कळ पाहिली होती.

मग एका शुक्रवारी सकाळी, स्पीकरांवरची धूळ पुसताना, त्यांना उजव्या स्पीकरच्या खाली मागच्या बाजूला एक खोडरबर सापडलं. पांढरं, कार्यालयातलं, अर्धा इंच जाड. डावीकडच्या स्पीकरखाली काही नव्हतं, पण मागच्या बाजूच्या पुट्टीच्या गोळ्यांना उचकटल्याच्या खुणा होत्या. खोडरबर चुकून तिथे जात नाही. कोणीतरी दोन्ही स्पीकरांची मागची बाजू उचलून त्यांना पुढे वाकवलं होतं, आणि काढून घेताना एक रबर राहून गेलं होतं.

मास्तरांनी खोडरबर खिशात टाकलं.

स्पीकर पुढे वाकवायचा म्हणजे झोत खाली आणायचा. म्हणजे कान खाली आहे. म्हणजे माप चुकलं. या ‘म्हणजे’पाशी मास्तर खाटेवर बसले. चाळीस वर्षांत मापात चूक म्हणून त्यांच्याकडे कपडा परत आला नव्हता. वजन वाढलेल्यांचे आले, पण तो दोष जेवणाचा. त्यांनी आपला टेप काढला आणि जावयाच्या स्टीलच्या पट्टीशेजारी फूट फूट करत लावून पाहिला. कापडी टेप जुना झाला की ताणतो. ताणला होता, पण बेचाळीस इंचांत दोऱ्याच्या जाडीएवढा. मग त्यांनी स्टँड मोजले. बत्तीस. वेल्डर तोंडाने कितीही सैल असला तरी हाताने चोख निघाला.

टेप बरोबर होता, लोखंड बरोबर होतं. मग चुकलं कुठे? मास्तरांना आता खरंच गंमत वाटायला लागली होती. त्यांनी उजव्या स्पीकरखाली खोडरबर पुन्हा सरकवलं, स्पीकरच्या बाजूला पट्टी धरली आणि त्या रेषेत बटणापासून खुर्चीपर्यंत काळा दोरा ताणत नेला. दोरा खुर्चीच्या पाठीला टेकला तिथे त्यांनी टाचणी लावली. मग जमिनीपासून टाचणीपर्यंत मोजलं. साडेसदतीस.

ते खुर्चीसमोर उकिडवे बसून टाचणीकडे बघत राहिले. तिथे कान यायचा तर माणसाने किती घसरून बसायला हवं? कंबर पुढे, पाय पसरलेले, डोकं मागे टाकलेलं. सात महिन्यांत त्यांनी या खुर्चीत असं बसलेलं कोणालाच पाहिलं नव्हतं. दिवसभर ते डोकं कोणाचं, याचाच विचार त्यांच्या मनात घोळत राहिला.

उत्तर त्यांना इस्त्री करताना मिळालं. घरातली इस्त्री त्यांनी हट्टाने मागून घेतली होती; मुलगी आणि जावई दोघंही आधी नको नको म्हणाले होते. शनिवारी धुतलेल्या कपड्यांचा ढीग समोर आला. जावई कार्यालयातून आला की शर्ट बदलायचा, त्यामुळे त्याचे कार्यालयातले शर्ट वेगळे आणि घरातले वेगळे. कपडा धुतला तरी अंगाची सवय त्यातून पुरती जात नाही. वर्षानुवर्षं कपडे उसवणाऱ्याला ती दिसते. कार्यालयातल्या शर्टांच्या पाठीवर, पट्ट्याच्या चार बोटं वर, आडव्या बारीक मोडी पडल्या होत्या. इस्त्री दोनदा फिरवावी लागली. तिथे हा माणूस खुशाल रेलून बसत होता.

घरातल्या शर्टांच्या पाठी मात्र कोऱ्या. जसे शिवून आले तसे.

मास्तरांनी इस्त्री उभी करून ठेवली. साधारण माणसाचं उलट असतं. बाहेर ताठ आणि घरी सैल. हा कचेरीत विश्रांती घेत होता आणि घरी येऊन हजेरी देत होता. ढिगात घरातला एकच शर्ट असा होता, ज्याच्या पाठीवर मोडी होत्या, निळ्या चौकटींचा. तो जावयाने गुरुवारी घातला होता. गुरुवारी संध्याकाळी मास्तर वाचनालयात जायचे.

आणि खोडरबर सापडलं शुक्रवारी.

आता सगळं लख्ख दिसलं. माप घेतलं त्या दिवशी खुर्चीत कोण बसलं होतं? सासऱ्यासमोर बसलेला जावई. श्वास रोखून, पाठ ताठ करून. बेचाळीस इंच हे त्या माणसाचं माप नव्हतंच. ते त्याच्या अदबीचं माप होतं. आणि टेप मास्तरांच्याच हातात असल्यामुळे दुसरं माप येणंही शक्य नव्हतं.

मुलगी दवाखान्यातून आली. ती फिजिओथेरपिस्ट होती. दिवसभर लोकांच्या पाठी आणि माना सरळ करायची. मास्तरांनी तिला बसूसुद्धा दिलं नाही.

“हे माझ्यासमोर कधी टेकून बसलेत का गं?”

तिने पर्स खुंटीला अडकवली. अडकवायला नेहमीपेक्षा जास्त वेळ घेतला.

“त्याच्या घरी वडिलांसमोर कोणी टेकून बसत नव्हतं, बाबा. तुम्ही खोलीत आलात की त्याचे पाय आपोआप खाली येतात. मी शंभर वेळा सांगितलंय. म्हणतो, कळतंय, पण जमत नाही.”

“सात महिने?”

“आणि तुम्ही तरी? तो आला की पेपर घडी करून ठेवता, सोफ्याच्या कडेवर येऊन बसता. त्याला अजून अहो-जाहो करता. मी दिवसभर जगाला ताठ बसा म्हणून ओरडते आणि घरी येऊन बघते तर दोघं फोटो काढायला बसल्यासारखे!”

“म्हणजे मी गेलेलं बरं.”

“असं मी म्हटलं का?”

“शर्ट म्हणतायत,” मास्तर म्हणाले आणि उरलेल्या कपड्यांकडे वळले.

त्यांना फार वाईट वाटलं. कोणाला अडचण होऊ नये म्हणून ते आपला कप आपण धुवायचे, टीव्हीचा आवाज कधी वाढवायचे नाहीत, आंघोळीला सगळ्यांच्या शेवटी जायचे. आणि तरी नुसतं या घरात असण्याने त्यांनी एका भल्या माणसाला त्याच्याच खुर्चीत पाठ टेकू दिली नव्हती. जावई त्यांचा राग करत असता तर गोष्ट सोपी होती. रागावर बोलता येतं. अदबीचं काय करायचं? दुसऱ्या दिवशी शब्द दिलेला तो रविवार होता. दुपारी एक वाजता मालकाला फोन करून सांगायचं, जागा ठेवतोय, येतोय, असं त्यांनी मनाशी ठरवून टाकलं. मुलगी रडेल, पण तिचा नवरा आपल्या घरात पाय पसरून बसेल.

पण जायच्या आधी एक काम राहिलं होतं. आपण गेल्यावर हा माणूस खुर्चीत मागे टेकणार आणि झोत त्याच्या डोक्यावरून जाणार. चुकीचं माप मागे ठेवून जाणं मास्तरांच्या जिवावर आलं.

रविवारी सकाळी मुलगी आणि जावई बाजारहाटाला गेल्याबरोबर त्यांनी स्पीकर अलगद सोफ्यावर उतरवले, वाळू पिशवीत ओतली आणि गाडी करून दोन्ही स्टँड वेल्डरकडे नेले.

“काय मास्तर, माप चुकलं?” वेल्डरला मनापासून आनंद झालेला दिसला.

“माप बरोबर होतं. माणूस चुकीचा बसला होता.”

“मग माणसाला सांगा की. लोखंड कशाला कापता?”

“माणसाला सांगून झालंय. साडेचार इंच काढा.”

वेल्डरने खडूने रेघ मारली आणि मान वर केली. “एकदा कापलं की वाढायचं नाही हं. दोन-तीन इंच काढून बघू या आधी?”

“नको,” मास्तर म्हणाले. “साडेचार.”

पात्याचा कर्कश आवाज गल्लीभर झाला. लोखंडाचे दोन चौकोनी तुकडे जमिनीवर पडले.

मुलगी आणि जावई परत आले तेव्हा स्पीकर आपल्या जागी उभे होते, फक्त बुटके झालेले. जावयाच्या दोन्ही हातांत पिशव्या होत्या. त्या खाली ठेवायचंही त्याला सुचलं नाही.

“बाबा, हे...”

“साडेचार इंच कमी केले. माझ्या मापात चूक होती.”

“चूक नव्हती, बाबा. मी दुसऱ्या पट्टीने तपासलं होतं.” आपण काय बोलून गेलो ते त्याच्या लक्षात आलं आणि त्याचे कान लाल झाले.

“मीही तपासलं,” मास्तर म्हणाले. खिशातून खोडरबर काढून त्यांनी ते टेबलावर ठेवलं. “बसा.”

जावयाने खोडरबराकडे पाहिलं. मग पिशव्या बायकोच्या हातात दिल्या आणि तो खुर्चीत बसला. पाठ ताठ, हात मांड्यांवर. तीच बाई गायला लागली. ऐकता ऐकता त्याच्या कपाळावर हळूहळू आठी चढली. त्याने मान जरा खाली घातली, पुन्हा वर केली.

“कसं आहे?” मास्तरांनी विचारलं.

छान म्हणायला त्याने तोंड उघडलं, पण ते खोटं त्याच्याच्याने बोलवेना. “जरा... खालून येतोय आवाज.”

“कुठून खालून?”

“पोटाशी गातेय ती.”

मुलगी फस्सकन हसली. जावई हसला नाही. “हरकत नाही, बाबा. होईल सवय.”

“सवय कशाची करता? खुर्चीला पाठ दिलीय ती कशाला? मागे व्हा.”

जावई इंचभर मागे सरकला.

“अजून.”

तो अजून सरकला. त्याची पाठ खुर्चीला लागली, पण मान तशीच उभी राहिली. त्याची नजर सासऱ्यांच्या चेहऱ्यावर होती, आणि मास्तरांना त्या नजरेतली धडपड बघवेना. खरं म्हणजे हे करायला आपणच समोर उभं असणं, हीच तर अडचण. ट्रायलला आलेलं गिऱ्हाईक आरशासमोर अवघडलं की मास्तर काहीतरी निमित्त काढून पाठ फिरवायचे. आता त्यांना निमित्त सुचलं नाही. ते नुसतेच खिडकीकडे वळले. समोरच्या गच्चीवर एक बाई चादर झटकत होती. तिने ती झटकून, घडी करून, खांद्यावर टाकेपर्यंत मास्तर बघत राहिले. पाठीमागे खुर्ची करकरली. मुलीने पायाने काहीतरी सरकवल्याचा आवाज आला, बहुतेक तिपाई.

ते वळले नाहीत. गाणं संपलं. दुसरं आपोआप सुरू झालं, आणि तेही संपलं, आणि तिसरं लागलं तरी पाण्याच्या बाटल्या भरायला कोणी उठलं नाही.

मास्तरांनी घड्याळात पाहिलं. एक वाजत आला होता. आपण गेल्यानंतर हे घर कसं असेल ते त्यांना आत्ताच ऐकू येत होतं. चांगलं होतं ते. त्यांनी खिशातून फोन काढला आणि आत जाऊन बोलावं म्हणून ते, जावयाकडे न बघता, भिंतीकडेने हलक्या पावलांनी निघाले.

“बाबा.”

ते थांबले. आता तो धडपडून उठणार, खुर्ची देणार, या बसा म्हणणार. त्यांनी मान वळवली. जावई उठला नव्हता. पाय तिपाईवर, डोकं मागे टाकलेलं, हात खुर्चीबाहेर लोंबकळत होते. कान बरोबर साडेसदतीस इंचांवर होता. मास्तरांना त्यासाठी टेपची गरज नव्हती. त्याचे डोळे मिटलेले होते.

“उभेच आहात तर तेवढा पंखा बंद करा ना,” तो म्हणाला. “फार घरघरतोय.”

मास्तरांनी फोन टेबलावर ठेवला आणि ते दारापाशी गेले. तिथे बटणांची लांबलचक रांग होती. या खोलीतला दिवा असो की पंखा, सात महिन्यांत ते हात लावायच्या आत कोणीतरी धावत येऊन लावून गेलेलं होतं, त्यामुळे कुठलं बटण कशाचं हे त्यांना ठाऊकच नव्हतं. त्यांनी अंदाजाने एक दाबलं. भरदुपारी बाहेरचा दिवा लागला. दुसरं दाबलं, काहीच झालं नाही.

“डावीकडून दुसरं, बाबा,” जावई डोळे न उघडता म्हणाला.